गाडीतली ऊब

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

आकाशवाणीवर मला बोलावणं येतं ते बहुधा कविता वाचायला. त्यामुळे या वेळी मी मोटारीच्या हीटरवर बोलणार आहे असं कळवलं, तेव्हा फोनवर पलीकडे क्षणभर शांतता पसरली. मग प्रश्न आला, ''हीटर? आपल्या सोलापुरात?''

प्रश्न रास्त होता. सोलापूरच्या माणसाला उष्णतेचं कौतुक कोण सांगणार? मार्च लागला की आपल्याकडे पारा चढू लागतो आणि एप्रिल-मेमध्ये चाळिशी ओलांडतो. उकाडा, झळा, तलखी, काहिली, धग... आपल्या भाषेत उष्णतेसाठी जेवढे शब्द आहेत त्यातले बहुतेक तक्रारीचेच. 'ऊब' आणि 'शेक' हे दोन तेवढे मायेचे. ते आपल्याला डिसेंबरात पंधरा-वीस दिवस आठवतात आणि तेवढ्यापुरती आपली चादर पुरते. मोटारीच्या डॅशबोर्डवर निळ्या पट्टीकडून लाल पट्टीकडे फिरणारी एक चकती असते. आमच्या गाडीतली ती चकती सहा वर्षांत कुणी लाल बाजूला फिरवल्याचं मला आठवत नाही. हीटर ही काश्मीरच्या लोकांसाठी दिलेली सोय आहे, ती चुकून आपल्याही गाडीत आली आहे, अशीच आमची समजूत होती.

ती समजूत जानेवारी २०२५ मध्ये, नीमचच्या पुढे, पहाटे साडेतीनच्या सुमाराला मोडली. पण त्याआधी आठ महिने मागं जावं लागेल.

मे २०२४. आम्ही बार्शीहून एक लग्न आटोपून परतत होतो. दुपारची वेळ, गाडीत पाच माणसं, एसी चालू. वैरागच्या पुढे भाचा म्हणाला, ''मामू, काटा वर चाललाय.'' बोनेटखालून वाफा येऊ लागल्या. गाडी बाभळीच्या सावलीला लावली, अर्ध्या तासानं पाणी घातलं आणि रडतखडत सोलापूर गाठलं. दुसऱ्या दिवशी गाडी एका गॅरेजात नेली. तिथल्या पोरानं बोनेट उघडलं, इंजिनवरचा एक छोटा भाग खोलला आणि बोटभर उंचीची पितळी वस्तू काढून माझ्या तळहातावर ठेवली. ''ह्याचं आपल्याकडं काम नाही. हा थंडीच्या मुलखातला माल. काढून टाकला की पाणी मोकळं फिरतं, गाडी कधी तापत नाही.''

मला ते इतकं पटलं की काय सांगू! शंभर रुपयांत काम झालं. ती वस्तू मी घरी आणली, टेबलावर कागदावर वजन म्हणून ठेवली. कवितेच्या वह्यांवर ती शोभतही होती.

त्या वस्तूचं नाव थर्मोस्टॅट. आपल्याकडचे मिस्त्री तिला 'वॉल' म्हणतात. आणि ती काढून टाकणं ही काही त्या एका पोराची करामत नव्हे. उन्हाळी मुलखातल्या कितीतरी गॅरेजांत हाच रामबाण उपाय आहे. माझे वडील सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर ट्रक चालवायचे, त्यांच्या तोंडूनही मी तो ऐकला होता. त्यांच्या ट्रकला हीटर नव्हताच. केबिनच्या मधोमध इंजिनावरचं झाकण असायचं, ते तापायचं. उन्हाळ्यात त्याला पाय लागला की चटका बसे, आणि हिवाळ्यात क्लीनर त्यालाच पाठ लावून झोपे. अब्बांच्या हिशेबी एवढीच त्या गरमीची दोन रूपं होती.

गाडी त्या मे महिन्यानंतर खरोखर तापली नाही. काटा मध्यावरसुद्धा येईना. भाचा येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायचा, ''बघा, गाडी कशी थंडगार चालते!'' पेट्रोल जरा जास्त जात होतं. पूर्वी लिटरला सतरा किलोमीटर मिळायचे, ते चौदावर आले होते. आम्ही पेट्रोल पंपावाल्यांना नावं ठेवली आणि विषय सोडून दिला.

अजमेरचा उरूस रजब महिन्यात असतो. चांद्र महिना असल्यामुळे तो दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येतो आणि अशा रीतीनं फिरत फिरत त्या वर्षी ऐन जानेवारीत आला. अम्मी अठ्ठ्याहत्तर वर्षांची. ''यंदा नाही तर कधी?'' असं ती दिवाळीपासून म्हणत होती. रेल्वेचं आरक्षण मिळालं नाही. मग भाचा म्हणाला, गाडी आहे, मी आहे, चला. अम्मी, माझी आपा, भाचा, त्याची बायको आणि मी असे पाच जण निघालो. बाराशे किलोमीटरच्या आसपासचा रस्ता. तुळजापूर, धाराशिव, बीड, छत्रपती संभाजीनगर, कन्नडचा घाट, धुळे, मग सेंधवा आणि इंदूर. इंदूरपर्यंत सगळं उन्हातच झालं. तिथं विश्रांती घेऊन रात्री दहाला पुढे निघालो, म्हणजे सकाळी अजमेर.

माळव्याचं पठार समुद्रसपाटीपासून सुमारे पाचशे मीटर उंचीवर आहे आणि तिथल्या जानेवारीतल्या रात्रीची थंडी आपल्या थंडीची मावशी आहे. रतलाम ओलांडलं तसं अम्मीनं पाय वर घेतले. भाच्यानं आयुष्यात पहिल्यांदा ती चकती लाल बाजूला फिरवली आणि ब्लोअर लावला. हवा आली ती कोमट म्हणावी अशीही नव्हती. गाडी जितकी जोरात पळे तितकी ती आणखी गार होई. मंदसौरच्या गर्दीत, दुभाजकाशी गाडी थोडा वेळ उभी राहिली तेव्हा जराशी उष्ण वाटली, आणि पुन्हा रस्त्याला लागताच गेली. ''हीटर बिघडलाय मामू, जाऊ दे,'' भाचा म्हणाला. जाऊ दे. सोलापूरच्या माणसाला हीटरचं काय?

घरून आणलेल्या चार सोलापुरी चादरी होत्या. त्यातल्या दोन अम्मीवर घातल्या.

नीमच गेलं आणि धुकं आलं. अफूच्या शेतीचा तो मुलूख. दोन्ही बाजूंना ओली रानं आणि त्यांच्यावरून रस्त्यावर सरकत येणारं धुकं. आता एक गोष्ट माझ्या कधी ध्यानात आली नव्हती, ती अशी, की बाहेरच्या धुक्यापेक्षा आतलं धुकं वाईट. पाच माणसांचा श्वास बंद गाडीत. त्यातली वाफ गार काचेला लागते आणि तिचं दव होतं. समोरची काच आतून पांढरी झाली. मी पुढे बसलो होतो. रुमालानं पुसायचो, दहा सेकंदांत पुन्हा तेच. गरम हवा काचेवर सोडली की हे दव उडतं, त्यासाठीच तर ब्लोअरची ती काचेच्या चित्राची खूण असते. पण गरम हवा होती कुठं?

मग भाच्यानं एसी लावला. एसी हवेतली ओल काढून घेतो, म्हणून काच थोडी उघडली. पण ती हवा बर्फासारखी. हीटर आणि एसी एकत्र चालले की कोरडी आणि गरम हवा मिळते, हे मला पुढे कळलं. आमच्याकडे फक्त कोरडी आणि गार होती. मागून अम्मीचा आवाज आला, ''बेटा, बंद कर. हड्डियों में जा रही है.'' तिच्या दातांचा आवाज मला ऐकू येत होता. एसी बंद केला. काच पांढरी. खिडकी उघडली, तर तोच वारा. काच बघावी की आईला बघावं, असा तो पेच होता. मी भाच्याला म्हणालो, ''बंद ठेव. मी पुसतो.''

मी पुसत होतो. पुसलेल्या वितभर जागेतून भाचा बघत होता. आणि त्या वितभर जागेत एकाएकी एक लाकडी फळी दिसली. ट्रॉलीची मागची फळी. दिवा नाही, रिफ्लेक्टर नाही, रस्त्याच्या कडेला अर्धी आत अर्धी बाहेर उभी. भाच्यानं गाडी उजवीकडे घेतली. मागून काही येत नव्हतं म्हणून आज मी हे बोलतो आहे. डाव्या बाजूचा आरसा फळीला लागून तुटला. आवाज एवढाच झाला, कप फुटल्यासारखा.

पाचही जण गप्प. पुढे दोनेक किलोमीटरवर ढाबा होता, तिथपर्यंत गाडी माणसाच्या चालीनं नेली. मला आजही आठवतं, मी हातात तो ओला रुमाल धरूनच खाली उतरलो.

ढाब्यावर शेकोटी होती. अम्मीला तिच्याजवळ बसवलं, चहा दिला. बाजूला पंजाबचा एक वयस्कर ट्रकचालक होता. त्यानं तुटलेला आरसा पाहिला, भाच्याशी दोन शब्द बोलला आणि इंजिन चालू ठेवायला सांगून काट्याकडे बघितलं. एवढा पल्ला मारून आलेल्या गाडीचा काटा अगदी तळाशी! त्यानं विचारलं, ''वॉल निकाला हुआ है?'' मी हो म्हणालो. तो हसला नाही, रागावलाही नाही. ढाब्याच्या मागून बिस्किटांच्या खोक्याचा एक पुठ्ठा घेऊन आला. इंजिन बंद करायला लावलं, पुठ्ठा दुमडून समोरच्या जाळीच्या आत, रेडिएटरचा निम्मा भाग झाकेल असा बसवला आणि सुतळीनं घट्ट बांधला. म्हणाला, काट्यावर नजर ठेव, मध्यावर आला तर ठीक, त्याच्या वर गेला तर थांबून पुठ्ठा काढ. आणि ऊन चढलं की आठवणीनं काढूनच टाक.

पंधरा मिनिटांत ब्लोअरमधून गरम हवा आली. खरीखुरी गरम. काच खालून वर अशी उघडत गेली, जणू कुणी पडदा उचलत होतं. अम्मी चित्तोडच्या आधीच झोपली.

सोलापुरात परतल्यावर मी माझ्या ओळखीच्या जुन्या उस्तादांकडे गेलो. आता ते रोज गॅरेजात बसत नाहीत. वडिलांचे मित्र, म्हणून माझ्यासाठी आले. मी टेबलावरची ती पितळी वस्तू खिशात घालून नेली होती. ती पाहून ते म्हणाले, ''काय शायरसाहेब, इंजिनाचं काळीज काढून वहीवर ठेवलं होय?''

मग त्यांनी जे समजावलं ते मी माझ्या शब्दांत सांगतो. इंजिनात जेवढं पेट्रोल जळतं त्याच्या उष्णतेतला ढोबळमानानं तिसरा हिस्सा चाकं फिरवायला मिळतो, कधी त्याहूनही कमी. एक मोठा वाटा सायलेन्सरमधून धुराबरोबर जातो. आणि जवळजवळ तेवढाच इंजिनाभोवती फिरणाऱ्या पाण्यात उतरतो. हे पाणी वॉटर पंप फिरवतो. ते रेडिएटरमध्ये जाऊन गार होतं आणि परत येतं. एवढं आपल्याला ठाऊक असतं. ठाऊक नसतं ते हे, की त्याच पाण्याची एक छोटी फांदी दोन बारीक नळ्यांतून डॅशबोर्डच्या मागं येते. तिथं वहीएवढा एक छोटा रेडिएटर असतो, त्याला हीटर कॉईल म्हणतात. ब्लोअरची हवा तिच्यावरून आली की गरम होते. गाडीत उबेसाठी वेगळं काही जळत नाही. इंजिन जी उष्णता टाकून देणार असतं तीच आपण उचलून घेतो. (विजेवर चालणाऱ्या गाड्यांत ही फुकटची ऊब नसते, तिथं ती बॅटरीतूनच काढावी लागते. तो विषय वेगळा.)

म्हणजे हीटर आणि रेडिएटर एकाच विहिरीचं पाणी पितात. एकाला झालं की दुसऱ्याला कळतं.

आता तो थर्मोस्टॅट. त्याच्या पोटात एक प्रकारचं मेण असतं. पाणी साधारण ८२ ते ८८ अंशांच्या आसपास तापलं की मेण फुगतं, एक दांडी ढकलतं आणि रेडिएटरचं दार उघडतं. तोवर दार बंद. पाणी इंजिनात आणि हीटरच्या फांदीतच फिरतं, म्हणून लवकर तापतं. इंजिन तापू नये म्हणून आम्ही जो भाग काढून टाकला होता, त्याचं काम इंजिनाला नीट तापवणं आणि मग त्याच तापावर ठेवणं हे होतं. तो काढला की दार सताड उघडं. हमरस्त्यावर वारा रेडिएटरवर आदळतो, पाणी सारखं गार होत राहतं, इंजिन ताप धरतच नाही. आम्ही जोरात गेलो की हवा गार का यायची आणि मंदसौरच्या गर्दीत कोमट का झाली, याचं उत्तर हे. आणि पेट्रोलचंही. आजच्या गाडीतला संगणक पाण्याचं तापमान बघून पेट्रोल सोडतो. पाणी थंड दिसलं की त्याला वाटतं, गाडी आत्ताच चालू झाली आहे, जरा जास्त देऊ या. आठ महिने तो बिचारा प्रत्येक किलोमीटरला सकाळ समजत होता.

मी विचारलं, ''पण उस्ताद, मे महिन्यात गाडी तापली ती खरीच ना?''

''खरीच. पण आजार कुठं होता?'' असं म्हणून त्यांनी रेडिएटरचं झाकण उघडलं. गाडी रात्रभर उभी होती, म्हणून उघडलं. तापलेल्या गाडीचं हे झाकण कधीही उघडू नका. आत प्रेशर कुकरसारखा दाब असतो, त्या दाबामुळे पाणी शंभर अंशांच्या पुढे जाऊनही उकळत नाही, आणि झाकण फिरवताच ते एकदम उसळून तोंडावर येतं. अब्बांच्या उजव्या हातावर त्याचा डाग शेवटपर्यंत होता.

झाकणाखाली बोट घालून उस्तादांनी बाहेर काढलं तर बोटाला पांढरट, खडूसारखा गाळ. ''पाणी कुठलं घालता?''

कुठलं घालणार? त्या वर्षी आमच्याकडे नळाला चार-चार, पाच-पाच दिवसांनी पाणी येत होतं. नळाचं पाणी प्यायला. गाडीला बोअरचं. बोअरच्या पाण्यानं पातेल्याच्या बुडाला पांढरा थर धरतो, तो प्रत्येक गृहिणी पाहते. तोच थर रेडिएटरच्या बारीक नळ्यांत धरला होता. गेली तीन वर्षं तो मीच माझ्या हातानं, मगानं घालत होतो. रेडिएटर निम्मा बुजला म्हणून गाडी तापली. गॅरेजातल्या पोरानं वॉल काढून पाण्याचा ओघ वाढवला, ताप दिसेनासा झाला आणि आजार तसाच राहिला. त्या पोराला काय म्हणू? त्यानं थर्मामीटर फोडला असेल, पण ताप मी आणला होता.

उस्तादांनी रेडिएटर उतरवून साफ करवला. हीटरच्या दोन नळ्या सोडवून उलट्या बाजूनं पाणी मारलं, तर तिथूनही लालसर, गंजलेला गाळ बाहेर आला. नवा थर्मोस्टॅट घातला. त्याची किंमत सांगायला मला लाज वाटते, पाच जणांच्या एका वेळच्या जेवणाहून कमी. मग कूलंट. कूलंट म्हणजे थंडीत पाणी गोठू नये म्हणून घालायचं औषध, अशीही एक समजूत आहे. ते गोठू देत नाही हे खरं, पण ते उकळबिंदूही वाढवतं आणि गंज धरू देत नाही, आणि आपल्याला तीच दोन कामं हवी असतात. ते मिसळायचं ते डिस्टिल्ड पाण्यात, बोअरच्या नाही. आणि एक सूचना. हे द्रव चवीला गोडसर आणि विषारी असतं. अंगणात सांडलेलं तसंच सोडू नका, मांजर-कुत्री चाटतात. पोरांच्या हाती तर लागूच देऊ नका.

हे सगळं चाललं असताना मी स्टुलावर बसून प्रश्न विचारत होतो, आणि मला जाणवलं की हा माणूस हीटरकडे बघतो तो वैद्य जिभेकडे बघतो तसा. म्हणाले, काटा वर चढतोय आणि हीटर लावला तर हवा गार येते? मग पाणीच कमी झालंय. पाणी घटलं की पोकळी आधी हीटरच्या फांदीत शिरते. काटासुद्धा अशा वेळी फसवतो, कारण त्याची कळ पाण्याऐवजी वाफेत लटकत असते. तेव्हा गाडी तिथल्या तिथं थांबवायची, पुढच्या गावापर्यंतसुद्धा न्यायची नाही. मध्येच गरम, मध्येच गार, आणि डॅशबोर्डच्या मागं ओढ्यासारखा खळखळ आवाज? पाण्यात हवा अडकली आहे. पाणी बदलल्यावर ती नीट काढली नसेल. पण काढूनही पुन्हा पुन्हा होत असेल तर हेड गॅसकेट गेल्याची भीती, तिकडे काणाडोळा केला तर पुढचं बिल हजारांत. उभ्या गाडीत हवा गार आणि ॲक्सिलरेटर दाबला की गरम, तर बहुधा वॉटर पंपाची ताकद गेली.

गाडीत गोडसर वास येतो, काचेच्या आतून तेलकट थर बसतो, पुसला तरी फराटे उठतात आणि डाव्या पायाखालची चटई ओली? हीटर कॉईल गळते आहे. यावर आपल्याकडे एक झटपट इलाज चालतो. कॉईलकडे जाणाऱ्या दोन्ही नळ्या बोनेटखालीच एकमेकींना जोडून टाकतात. गळती थांबते, इंजिनाचं काही अडत नाही. ''पण मग,'' उस्ताद म्हणाले, ''अजमेरला जाताना चादरी जास्त घ्यायच्या.''

फेब्रुवारीतली दुपार होती. सगळं जोडून झाल्यावर हीटर तपासायचा होता. उस्ताद, भाचा आणि मी असे तिघे खिडक्या बंद करून, चकती पूर्ण लाल बाजूला फिरवून, सिद्धेश्वर तलावाच्या बाजूनं दोन चकरा मारून आलो. बाहेर पस्तीस अंशांच्या आसपास असेल. आत काय होतं ते विचारू नका. सिग्नलला शेजारी थांबलेला एक रिक्षावाला आमच्याकडे असा बघत होता की याच्या तोंडावर पाणी मारावं की पोलिसांना बोलवावं. उस्तादांच्या पांढऱ्या दाढीतून घाम टपकत होता, आणि त्यांचा चेहरा समाधानी होता. परत आल्यावर त्यांनी इंजिन बंद करायला लावलं, पंखा थांबल्याची खात्री केली, फडकं हातात धरून हीटरच्या एका नळीला हात लावला, मग दुसरीला. दोन्ही सारख्याच गरम होत्या. एक गरम आणि दुसरी गार असती तर कॉईल अजून बुजलेली, असं समजायचं.

अम्मी त्या प्रवासानंतर महिनाभर खोकत होती. छातीत कफ धरला होता. डॉक्टर झाले, वाफारे झाले. तिनं त्या रात्रीबद्दल एकदाही तक्रार केली नाही. तिला आठवतो तो दर्गा आणि तो पुठ्ठेवाला. त्याचं नाव विचारायचं राहून गेलं म्हणून मात्र ती मला अजून बोलते.

आता शेवटचा प्रसंग, एप्रिल २०२५ मधला. पंढरपूरला कविसंमेलन होतं. एका मित्राच्या जुन्या गाडीतून आम्ही चार कवी परतत होतो. मोहोळ सात-आठ किलोमीटरवर असताना काटा चढू लागला. मित्रानं माझ्याकडे पाहिलं. हल्ली लोक माझ्याकडे त्यासाठीही पाहतात. मी म्हणालो, एसी बंद कर, खिडक्या उघड आणि हीटर पूर्ण लाव. मागच्या सीटवरून जे शब्द आले ते त्या दिवशीच्या कुठल्याही कवितेत नव्हते. मी आधी हात लावून पाहिलं, हवा येत होती ती तापलेल्या तव्यासारखी. म्हणजे पाणी होतं, फिरत होतं. मग धीर आला. रेडिएटरला जे गार करता येत नव्हतं त्यातलं थोडं तो छोटा रेडिएटर आमच्या अंगावर ओतत होता. बाहेर बेचाळीस आणि आत भट्टी. हळूहळू गेलो, मध्ये एकदा दहा मिनिटं थांबलो. काटा लाल रेघेच्या खाली राहिला. ही युक्ती वाट काढण्यापुरती आहे, हे सांगून ठेवतो. हवा गार आली असती तर मी सगळ्यांना तिथंच उतरवलं असतं.

मोहोळला गॅरेज मिळालं. चारही कवी घामानं निथळत बाकावर बसलो. मिस्त्रीनं गाडी निवू दिली, चाचपडून पाहिलं. इंजिनाच्या बाजूचा पाईप कढत आणि रेडिएटर मात्र जवळजवळ गार. थर्मोस्टॅटचं दार बंद अवस्थेतच अडकलं होतं, म्हणून हीटर एवढा कढत आणि म्हणूनच गाडी तापलेली. मिस्त्री हात पुसत म्हणाला, ''वॉल काढून टाकतो साहेब. आपल्याकडं त्याचं काय काम? दहा मिनिटांत मोकळं करतो.''

मित्र उठला होता, खिशात हात घालून. तो माझ्याकडे वळला.

मी म्हटलं, ''नको. नवाच बसवा. इथं नसेल तर सोलापुरातून मागवा, आम्ही थांबतो.''

पार्ट यायला अडीच तास लागले. तोवर मागच्या सीटवरच्या दोघांनी मला त्यांच्या सगळ्या नव्या कविता ऐकवल्या.